फुलमैनेचा र

फिलोमेना सारमेंतु ह्या पोर्तुगीज नटीचं नाव भोरमध्ये पहिल्या दिवशी जसंच्या तसं होतं. दुसऱ्या दिवशी त्याचं फिलोमॅडम झालं, आणि शूटिंगच्या गाड्या पासलीला पोचेपर्यंत फुलमैना. बाईंनी साठी ओलांडलेली, खांदे रुंद, आणि चेहरा असा की त्याच्याकडे बघितल्यावर आपलंच काहीतरी चुकलंय असं माणसाला वाटावं. दिग्दर्शक दुआर्त पिमेंतेल यांचं पिंपळेसाहेब तर विमानतळावरच झालं होतं. ड्रायव्हरने पाटीवर तसंच लिहून आणलं होतं आणि साहेब त्या पाटीकडे बघून खुशाल गाडीत बसले होते.

भोरला सिनेमावाल्यांचं कौतुक राहिलेलं नाही. राजवाड्यासमोर एखादा नट उभा असला तर लोक त्याला जरा सरका म्हणतात आणि स्कूटर काढतात. पण पोर्तुगालहून आजवर कुणी आलं नव्हतं, त्यामुळे चार दिवस चौकशी झाली. पिंपळेसाहेबांना दीडशे वर्षांपूर्वीचा गोवा हवा होता. तो त्यांनी गोव्यात शोधला, पण तिथं पंजाबी ढाबे सापडले. मग कुणीतरी त्यांना भोर दाखवलं. राजवाडा हा गव्हर्नरचा बंगला, नीरा ही मांडवी आणि समुद्र नंतर कॉम्प्युटरवर घालायचा, असं ठरलं. ह्या सगळ्याची जुळवाजुळव इंद्रजितकडे. हा भोरचाच. गाड्या, गर्दी, परवानग्या आणि चहा, जे लागेल ते तो आणून द्यायचा, आणि जे मिळणार नाही ते येतंय म्हणून सांगायचा.

दुभाषी म्हणून त्याने अंजनाला आणलं. अंजना भोंगवलीची. पुण्यात कॉलेजला गेली तेव्हा तिच्या ‘न्हाई’ला आणि ‘व्हय’ला वर्ग हसायचा. म्हणून तिने अशी भाषा शिकायला घेतली जिच्यात ती खेड्यातली आहे हे पुण्यातल्या कुणालाच कळणार नाही. गोव्यात जाऊन पोर्तुगीजमध्ये एम. ए. केलं, आणि आता तीच भाषा ती पुण्यात शिकवायची, बहुतेक लिस्बनला पळू पाहणाऱ्या पोरांना.

“दुभाष्याने नळासारखं असावं,” पिंपळेसाहेबांनी तिला पहिल्याच दिवशी सांगितलं. “पाणी आपलं नसतं, हे नळाला माहीत असतं.”

“बरं,” अंजना म्हणाली. भोंगवलीत ‘बरं’ म्हणजे हो असतंच असं नाही, पण हे साहेबांना कोण सांगणार? नळ तर तीच होती.

मुक्काम भोरला आणि शेवटचं शूटिंग पासलीला, त्यामुळे रोज सकाळी अंजना आणि फुलमैना एका गाडीत. नसरापूर, मार्गासनी, वेल्हे, मग पासली. वेल्हे तालुक्याचं नाव आता राजगड झालेलं आहे, पण रस्त्यातल्या खड्ड्यांना ते अजून कळवलेलं नाही. सेटवर बाई एक शब्द बोलत नसत. गाडीत मात्र बोलत, आणि पहिल्याच दिवशी, हवापालट करायला आलेय म्हणावं त्या सुरात त्या म्हणाल्या, “मी सूड घ्यायला आले आहे.”

“कुणाचा?” अंजनाने विचारलं.

“पुढच्या गाडीत बसलाय त्याचा.”

पुढच्या गाडीत पिंपळेसाहेब होते, कानटोपी घालून.

मग नसरापूरपासून वेल्ह्यापर्यंत, रोज थोडं थोडं करत, बाईंनी आपलं आयुष्य सांगितलं. सेतूबाल नावाचं बंदर. आई मासे डबाबंद करण्याच्या कारखान्यात. दिवसभर तारली साफ करायची आणि संध्याकाळी बाजारात उभी राहून ओरडायची. तिकडच्या माणसांचा एक र असतो. बाकीचा देश जिथं हलकेच जीभ लावून र म्हणतो, तिथं ही माणसं घशातून खरवडून काढतात. दगडावरून होडी ओढल्यासारखा आवाज येतो. राजधानीतले लोक त्या र ला हसतात. फिलोमेनाकडे तो आईकडून आला होता. घरात दुसरं काही नव्हतंच.

ती अठरा वर्षांची असताना दुआर्त पिमेंतेल बाजारात आला. त्याला खरा चेहरा हवा होता. सिनेमावाल्यांना दर दहा वर्षांनी खरा चेहरा हवा होतो, आणि तो कुठल्या तरी गरिबाकडेच असतो. त्याने फिलोमेनाला नेलं, तिच्याकडून सिनेमाभर बोलवून घेतलं, रडवून घेतलं, आणि नंतर तिला न विचारता तो सगळा आवाज काढून टाकला. तिथं राजधानीतल्या एका डॉक्टरांच्या मुलीचा आवाज बसवला. मऊ, शिकलेला आवाज. सिनेमाला परदेशात बक्षीस मिळालं. परीक्षकांनी नायिकेच्या आवाजाचं खास कौतुक केलं.

“पत्रकार प्रश्न विचारायचे,” बाई म्हणाल्या, “आणि दुआर्त सांगायचा, हिचा घसा दुखतोय. मी हसायचं. फोटो छान आलेत माझे.”

“मग?”

“मग आई सिनेमा बघायला गेली. नवा स्कार्फ बांधून. पडद्यावर मी तोंड उघडलं आणि दुसऱ्याच कुणाची तरी मुलगी बोलायला लागली. आई मध्यातच उठून आली. शेजारणीला म्हणाली, माझ्या पोरीला मारून टाकलंय त्यांनी, आणि तिच्या आत कुणीतरी राहायला आलंय. नंतर ती कधी थेटरात गेली नाही. मेली तरी गेली नाही.”

मेल्यावर कुणी थेटरात जात नाही, पण अंजनाने ते सुधारलं नाही.

पुढचं करिअर त्या आवाजानेच ठरवलं. लोकांना तो मऊ आवाज हवा असायचा आणि फिलोमेना तोंड उघडायची तेव्हा मासळीबाजार बाहेर यायचा. म्हणून मग न बोलणारी कामं. मौनव्रत घेतलेली जोगीण. बहिरी विधवा. भूत, दोनदा. एका सिनेमात ती पहिल्यापासून शेवटपर्यंत प्रेत होती आणि समीक्षकांनी लिहिलं की तिचं मौन बोलकं आहे. मालिका आल्या तेव्हा पहिल्याच भागात मरणारी आजी. आणि एकदा मासळीच्या डब्याची जाहिरात मिळाली, त्यात फक्त हात दिसले.

“आणि आता ह्याचा शेवटचा सिनेमा,” बाई पुढच्या गाडीकडे हनुवटी करून म्हणाल्या. “मला फोन केला. म्हणाला, फिलोमेना, तुझ्यासाठी एक महान भूमिका आहे. मुक्या आईची.”

मार्गासनीचा पूल मागे गेला.

“तुम्ही हो का म्हणालात?”

“त्याने माझ्याकडे येऊन माझा आवाज मागितला पाहिजे. हाच आवाज, हा र असलेला. तोंडाने मागितला पाहिजे. दुसरं काही नको मला. कसं करायचं ते माहीत नाही, पण मुकी होऊन घरी बसले असते तर तेही कळलं नसतं.”

पासलीतला प्रसंग असा होता: आईच्या एकुलत्या एका मुलाची शवपेटी गावातून निघालीय, पाऊस पडतोय, गाव दोन्ही बाजूंना उभं आहे, आणि मुकी आई तोंड उघडते पण आवाज येत नाही. पिंपळेसाहेबांच्या मते ही त्यांच्या साठ वर्षांच्या कामाची समाप्ती होती. वेल्ह्यात पाऊस इतका पडतो की भात लावणाराही कंटाळतो, पण साहेब आले डिसेंबरात. तेव्हा पाऊस टँकरने आणला. खाचराच्या बांधावर पंप बसवला. तो सुरू झाला की शेजारच्या माणसाशीही ओरडून बोलावं लागे. साहेबांना त्याची फिकीर नव्हती. मुक्या बाईच्या प्रसंगात ऐकायचं काय असतं?

गर्दीला गोव्याचे कपडे द्यायचे होते. बायकांसाठी काळे झगे आणि डोक्यावर जाळीची ओढणी. ठकुबाईने झगा हातात घेतला, उलटा करून बघितला आणि परत दिला. ठकुबाई म्हणजे पासलीतली वयस्कर बाई. गावात लग्न असो की भांडण, तिच्याशिवाय मिटत नाही.

“ह्यो आमी न्हाई घालायच्या,” ती म्हणाली. “वरचं फडकं घेतो. ते बरं हाय, उनाला.”

“अगं आजी, गोवा दिसला पाहिजे गोवा!” इंद्रजित कळवळला.

“मंग वरनं काड फोटू.”

शेवटी वर गोवा आणि खाली नऊवारी अशी तडजोड झाली, आणि कॅमेरा कमरेच्या वरच राहील असं ठरलं. पुरुषांना टोप्या दिल्या. शवपेटीत हनुमंत नावाचा गडी झोपवला, कारण पेटी उचलताना वजन खरं वाटलं पाहिजे असा साहेबांचा आग्रह. हनुमंत खूश होता. दिवसभर झोपायचं काम त्याला पहिल्यांदाच मिळालं होतं.

पंप सुरू झाला. पाऊस आला, गार, टँकरच्या तळातला. फुलमैना मधोमध उभ्या. केस मोकळे सोडलेले, अंगावर काळं वस्त्र, भिजून चिकटलेलं. पेटी निघाली. बाईंनी ठरल्याप्रमाणे तोंड उघडलं, आवाज केला नाही. थंडीने त्या कापायला लागल्या. आधी हात, मग खांदे, मग सगळं अंग.

“अजून!” छत्रीखालून साहेब भोंग्यावर म्हणाले. पोर्तुगीजमध्येच, पण भोंगा मोठा होता. “तोंड अजून मोठं, फिलोमेना! माशासारखं! पाण्याबाहेर काढलेल्या माशासारखं!”

अंजनाला ते कळलं, आणि बाईंकडे बघण्याचं तिचं धाडस झालं नाही.

मग पंपाच्या वर एक आवाज आला. तो आधी कुठून आला हेच कुणाला समजेना. घशातून, पोटातून, कुठून तरी खालून, खरवडत वर आलेला. “लाद्र्र्रांव!” फुलमैना म्हणाल्या. म्हणजे चोर. आणि मग सगळंच फुटलं. मान गरागरा फिरत होती, केसांचं पाणी चहूकडे उडत होतं, आणि प्रत्येक शब्दातला र दगडावरून होडी ओढत निघाला होता.

“वाइश पगार्र्र, दुआर्र्रत! वाइश पगार्र्र!”

भोगशील तू, भोगायला लागेल तुला, असं त्या म्हणत होत्या. पोर्तुगीजमध्ये सूड उगवण्याला आणि पैसे चुकते करण्याला एकच शब्द आहे, आणि त्यातला पैशाचा तेवढा भाग आपल्याकडे पूर्वीच येऊन राहिलेला आहे.

“पगार म्हंती का रं?” पेटीला खांदा दिलेल्या गेनबाने पुढच्याला विचारलं. गेनबा ठकुबाईचा नवरा.

“पगारच म्हंती.”

“आरं तिच्या! मॅडमचा बी थकवला व्हय ह्यांनी?”

पण तेवढ्यात बाई दुसरंच म्हणाल्या. “आ वॉझ दा मिन्य माँय! मिन्य माँय!” माझ्या आईचा आवाज, माझ्या आईचा. पोर्तुगीजमध्ये आईला माँय म्हणतात. पासलीतही फारसं वेगळं म्हणत नाहीत. मोकळे केस, ओलं अंग, घुमणारी मान, घशातली गुरगुर आणि तोंडात माय. एवढ्या पुराव्यावर गावाने कधीच इतका वेळ घेतला नव्हता. आधीची दोन मिनिटं फक्त बाई गोऱ्या आहेत म्हणून गेली.

“माय आली!” कुणीतरी ओरडलं.

खांदेकऱ्यांनी पेटी चिखलात ठेवली. टोप्या उतरल्या. पेटीतल्या हनुमंताने, जो मेलेला असणं अपेक्षित होतं, उठून बसून हात जोडले. चार बायका हळद-कुंकवासाठी धावल्या, आणि ठकुबाई जाळीच्या ओढणीचा पदर सारखा करत पुढे आली. तिने मळवट भरला, पाय धुतले आणि समोर बसून पंपाच्या वरताण आवाजात विचारलं:

“कोन म्हनायची तू, माय? काय चुकलं? काय मागनं हाय तुजं?”

“मॅडम,” इंद्रजित अंजनाच्या कानाशी आला, “काहीतरी सांगून शांत करा हो. उजेड चाललाय.”

काहीतरी सांगायचं म्हणजे काय, ह्याचा अंजनाने विचार केला. तिच्या घरात देव्हारा नव्हता. भिंतीवर बुद्ध आणि बाबासाहेब होते, आणि अंगात येणाऱ्यांना तिचे वडील आधी जेवण आणि मग डॉक्टर सुचवायचे. ती देवीच्या बाजूने खोटं बोलणार नव्हती. इंद्रजितच्या बाजूने तर नाहीच. तेव्हा तिने नळाचं काम केलं. ठकुबाईचं जसंच्या तसं बाईंना सांगितलं: हे लोक विचारतायत की तुम्ही कोण, तुमच्यावर काय अन्याय झाला, आणि तुम्हाला काय हवंय.

फुलमैना थांबल्या. पाणी नाकावरून ओघळत होतं. एवढ्या वर्षांत, एवढ्या मुलाखतींत, हे तीन प्रश्न त्यांना कुणी विचारले नव्हते. आणि आता विचारले होते तेही पाय धुऊन.

मग त्यांनी उत्तर दिलं, आणि अंजनाने ते गावाला दिलं, एक अक्षर इकडचं तिकडे न करता. “त्या म्हणतायत, माझा आवाज चोरला. माझ्या तोंडात दुसरीचा आवाज घातला. तो माझ्या आईचा आवाज होता. तो मला परत पाहिजे.”

बायका दोन पावलं पुढे सरकल्या.

“कुनी चोरला?” ठकुबाईने विचारलं.

ह्याचं भाषांतर लागलं नाही. फुलमैनांनी हात लांब केला, आणि सगळ्या पासलीने छत्रीखाली बघितलं.

इंद्रजितने धंद्याचं भान सोडलं नाही. त्याने पळत जाऊन साहेबांना इंग्रजीत सांगितलं की स्थानिक आशीर्वादाचा कार्यक्रम आहे, फार मान असतो, या. छत्री पंपालगतच असल्याने साहेबांना बाईंचा एकही शब्द ऐकू गेला नव्हता. ते उजळले. जाताना त्यांनी कॅमेरामनला खूण केली: थांबवू नकोस. ठकुबाईने सांगितलं, नाक घास. इंद्रजितने करून दाखवलं. पिंपळेसाहेब पांढऱ्या पँटीत चिखलात गुडघे टेकून बसले आणि त्यांनी फुलमैनांच्या पायाशी, एकदा नव्हे, चांगलं तीनदा नाक घासलं. वर बघितलं तेव्हा ते हसत होते. नाकाला गाळ लागला होता आणि डोळ्यांत पाणी होतं. समाप्ती अशी असते, असं काहीतरी ते स्वतःशी पुटपुटत होते.

“बघ त्याच्याकडे,” फुलमैना अंजनाला म्हणाल्या. टँकर संपून पंप थांबला होता आणि त्यांचा आवाज एकदम खाली आला होता. “मजा येतेय त्याला. हेही घेऊन जाईल तो. उद्या डॉक्टरची दुसरी मुलगी शोधेल.”

अंजना साहेबांपाशी गेली आणि चिखलात उकिडवी बसली. “साहेब,” ती स्वच्छ पोर्तुगीजमध्ये म्हणाली, “इंद्रजितने थोडं गाळलंय. हा आशीर्वाद नाही. तुम्ही ह्या बाईंचा आवाज चोरलात अशी तक्रार आहे, आणि तुम्ही आत्ता गावासमोर ती कबूल केलीत. तीनदा.”

साहेबांचं हसू लगेच गेलं नाही. ते आधी ओठांवरून गेलं, मग गालांवरून. डोळ्यांत थोडा वेळ उगाच राहिलं.

“आणि आता तुम्हाला बेलभंडारा उचलायचाय,” अंजना पुढे म्हणाली, कारण ठकुबाई बेलाचं पान आणि हळद घेऊन आलीच होती. “शपथ आहे. बाईंच्या तोंडात दुसऱ्या बाईचा आवाज घालीन तर माझी जीभ झडेल, असं म्हणायचं.”

“हे कायद्याने बंधनकारक आहे का?” साहेबांनी विचारलं. साठ वर्षं सिनेमा केलेला माणूस होता.

अंजनाने ठकुबाईला विचारलं. “आजी, ते म्हणतायत कायद्यानं लागू हाय का?”

“कायद्याचं न्हाई बाबा,” ठकुबाई म्हणाली. “जिबंचं हाय.”

साहेबांनी आजूबाजूला बघितलं. पेटी वाटेत पडलेली. खांदेकरी हाताची घडी घालून उभे. प्रेत तंबाखू मळतंय. अजून दोन शॉट बाकी, ऊन डोंगराच्या टोकाला टेकलेलं, आणि जिकडे बघावं तिकडे मोबाईल वर धरलेले हात, कारण देवीचं शूटिंग करायला दिग्दर्शक लागत नाही. त्यांनी बेलभंडारा उचलला. अंजना सांगेल तसं शब्दाशब्दाने म्हणाले. त्यांचा र मऊ होता, राजधानीचा. ठकुबाईने कान पुढे करून ऐकलं आणि म्हणाली, “ह्याला बोलता येत न्हाई नीट. चालंल.”

नंतर चहाच्या वेळी ठकुबाई अंजनाच्या शेजारी येऊन टेकली. ओढणी अजून डोक्यावर होती, आवडली असावी.

“तुमच्यात नसतंय ना गं हे, वारं-बिरं?”

“न्हाई आजी. आमच्यात न्हाई.”

“मंग तुला काय वाटलं, माय हुती?”

अंजनाने कप खाली ठेवला. “मला वाटलं, बाई चिडली हुती.”

“ते काय मला दिसत न्हवतं?” ठकुबाई बशीत फुंकर मारत म्हणाली. “पर नुस्ती चिडल्याली म्हनलं आस्तं, तर आमच्या ह्यानं पेटी खाली ठिवली आस्ती का? आंगात आल्याबिगर बाईचं कोन आयकतंय?” आणि तिने लांबून गेनबाकडे असं बघितलं की गेनबाने उगाचच टोपी घातली.

त्या दिवशीचे व्हिडिओ वेल्ह्यातून पुण्यात गेले आणि पुण्यातून कुठं कुठं. अंजनाने त्यातला एक घेतला, खाली पोर्तुगीजमध्ये नाव-गाव घातलं, आणि बाई काय म्हणाल्या तेवढंच लिहिलं. विशेषण एकही नाही. तो सेतूबालला पोचला तेव्हा मासळीबाजारातल्या बायकांनी र ओळखला. त्यांनी तो राजधानीत पाठवला, आणि राजधानीने, जी चाळीस वर्षं त्या मऊ आवाजावर जीव टाकत होती, अचानक विचारलं: मग तो आवाज कुणाचा होता? डॉक्टरांच्या मुलीला विचारायची सोय नव्हती, ती वारली होती. पिंपळेसाहेबांना विचारलं. साहेबांचा घसा दुखत होता.

मुख्य म्हणजे पैसा लावणाऱ्यांनी तो प्रसंग बघितला आणि कळवलं की सिनेमा हाच आहे. मुकी आई नको, ही बोलणारी ठेवा. साहेबांनी पटकथेत बदल केला आणि ही कल्पना आपल्याला पूर्वीपासून होती असं एका वर्तमानपत्राला सांगितलं. तोवर ध्वनिमुद्रण करणाऱ्या माणसाने कानावरचं यंत्र काढून मान हलवली. मोबाईलवर चालतं, थेटरात नाही चालणार. पंप, पंप आणि पंप. बाईंचे शब्द स्टुडिओत पुन्हा बोलून घ्यावे लागतील.

पुन्हा बोलून घ्यायचे म्हणजे कुणाकडून, हा प्रश्न उरला नव्हता. गाव होतं, बेलभंडारा होता, आणि सेतूबालच्या बायका वाट बघत होत्या.

मंगळवारी भोरचा बाजार असतो. फुलमैना सुक्या मासळीच्या दुकानापुढे उभ्या होत्या. हातात बोंबलाची जुडी, वास घेत, आणि दुकानदारिणीशी त्यांचं भांडण चाललेलं. बाई पोर्तुगीजमध्ये, दुकानदारीण मराठीत. अंजना शेजारी उभी होती, पण दोघींपैकी कुणालाच तिची गरज वाटत नव्हती.

“लई बोलती ही बया,” दुकानदारीण कौतुकाने म्हणाली.

गर्दीतून वाट काढत पिंपळेसाहेब आले, मागे इंद्रजित. वास सहन न होऊन साहेबांनी रुमाल नाकाला लावला, मग काढला. बहुधा नाकाला काहीतरी आठवलं असावं. ते फुलमैनांच्या समोर उभे राहिले. टोपी हातात घेतली.

“फिलोमेना,” ते म्हणाले, “जानेवारीत लिस्बनला स्टुडिओ घेतलाय. त्या प्रसंगाचा आवाज पुन्हा घ्यायचाय.”

बाई बोंबील चाचपत राहिल्या.

“तुझा आवाज,” साहेब म्हणाले. “तोच. जसा आहे तसा.” आणि बाईंनी तरीही वर बघितलं नाही, तेव्हा: “मी मागतोय, फिलोमेना. कृपा कर.”

अंजनाला वाटलं, आता बाई रडतील किंवा हसतील. फुलमैनांनी जुडी खाली ठेवली. एक हात गळ्याला लावला. साहेबांकडे शांतपणे बघितलं, आणि सगळा बाजार ऐकेल, पलीकडच्या भाजीच्या ओळीतली माणसं वळून बघतील, एसटीची वाट बघणारी बाई पिशवी घट्ट धरेल, अशा आवाजात म्हणाल्या:

“एश्तो र्र्रोका, दुआर्र्रत.”

“काय म्हणाल्या?” इंद्रजितने घाबरून विचारलं.

“बाईंचा आवाज बसलाय,” अंजना म्हणाली.

इंद्रजितने बाईंकडे बघितलं, अंजनाकडे बघितलं, आणि मग, हुशार माणूस होता, साहेबांच्या मागे सरकला. शेवटी साहेबांनीच विचारलं, हळू, की साधारण कधीपर्यंत सुटेल.

“तुझं वय काय आता, दुआर्त?”

“ब्याऐंशी.”

फुलमैनांनी जुडी पुन्हा उचलली, एक बोंबील ओढून काढला, मोडून बघितला. “मग तब्येतीला जप,” त्या म्हणाल्या. “मला वेळ लागेल.”

अंजनाने तेही इंद्रजितला सांगितलं, आणि दुकानदारिणीला ऐकायचं होतं म्हणून तिलाही, पुन्हा एकदा, एक अक्षर न गाळता.